गाळलेला सर्ग

एका राज्यात गाण्याने तारे उगवत. ते राज्य आकाशगंगेच्या ऐलतीरी होते आणि ऋक्षपाल राजा तेथे राज्य करी. त्याच्या पूर्वजांनी रचवलेली ज्योतिर्गाथा रोज सांजेला भर सभेत गायली जाई. ओवी म्हटली की तिचा तारा उजळे; त्या राज्याला उजेड तेवढ्या ताऱ्यांचाच होता. प्रत्येक राजाच्या काळाचा एक सर्ग गाथेला जोडावा, अशी रीत होती.

ऋक्षपालाने पैलतीराशी युद्ध केले. युवराज कीर्तिध्वज त्यातून परतला नाही. राजकवी चित्रभानूने युद्धाचा सर्ग रचून ताम्रपटांवर कोरला आणि राजाला एकांतात ऐकवला. राजाने ताम्रपट फोडून तुकडे दूर फेकायला लावले आणि कवीला हद्दपार केले. जाताना कवीने शाप दिला, "आता एकेक तारा विझेल. ज्याने सर्ग गाळला, त्याने तो भर सभेत गावा. तोवर काळोख सरणार नाही."

तसेच झाले. नावा भरकटल्या, पेरलेले बी रुजेना. प्रधानांनी विनवले, तेव्हा राजा म्हणाला, "मला तो सर्ग आठवत नाही." मग राजकन्या धनिष्ठा सर्ग शोधायला निघाली. राजाने तिला अडवले नाही.

वाटेत तिला धनेश पक्षी भेटला. पहिल्या ओव्या त्याने हद्दपार होऊन जाणाऱ्या कवीच्या तोंडून ऐकल्या होत्या. त्याची मादी स्वतःला ढोलीत कोंडून घेऊन अंड्यांवर बसली होती आणि अंधारात त्याला फळे सापडत नव्हती. धनिष्ठेने चाचपडत उंबरे वेचून तिला भरवली. पक्ष्याने ओव्या दिल्या आणि तो म्हणाला, "राजकन्ये, पुढचे ऐकायलाच हवे का?"

"हवे," ती म्हणाली.

मधल्या ओव्यांचा तुकडा नागाच्या शापित खजिन्यात पडला होता. तेथल्या रत्नाला हात लागला की माणूस दगड होई. असे कितीतरी दगड हात पुढे करून उभे होते. रत्ने निखाऱ्यासारखी ऊन होती. धनिष्ठेने डोळे मिटले, ऊब टाळली आणि गार लागले ते तांबे उचलले. नागाने वाट दिली.

शेवटच्या ओव्या पैलतीरीच्या तमसा मायाविनीपाशी होत्या.

"माझे दोन मुलगे तुझ्या बापाच्या सैन्याने मारले," तमसा म्हणाली.

धनिष्ठा मान खाली घालून उभी राहिली. "मी काय करू?"

"बस आणि ऐक."

तमसेने ओव्या म्हटल्या. कीर्तिध्वज शस्त्र टाकून पैलतीरी धावला होता. तमसेच्या धाकट्यासमोर हात पसरून तो उभा राहिला आणि युद्ध थांबवा म्हणून ओरडला. तेव्हा एक बाण दोघांच्या छातीतून गेला. तो बाण ऋक्षपालाचा होता.

धनिष्ठा घरी आली. राजा अंधारात एकटाच बसला होता.

"तात, सर्ग आणला आहे. पण तुम्हाला देववत नाही."

"देऊ नकोस. मला अक्षरन् अक्षर पाठ आहे."

"मग मला जाऊ का दिलेत?"

"वाटले, तू रिकाम्या हाती येशील. मग कुणी मला पुन्हा विचारणार नाही."

धनिष्ठा त्याच्याजवळ जमिनीवर बसली. मग तिने विचारले, "आईला ठाऊक होते?"

"नाही. तो वाट चुकला आहे, येईल, असे मी तिला सांगत राहिलो. ती वेशीवर दिवा घेऊन बसायची. तिथेच गेली. तेव्हाच बोललो असतो, तर दोघे मिळून रडलो असतो."

दुसऱ्या सांजेला राजा भर सभेत उभा राहिला आणि गायला. बाणाच्या ओवीवर तो अडखळला. सभा थांबली. त्याने ती ओवी पुन्हा पहिल्यापासून घेतली. सर्ग संपला तेव्हा सारे आभाळ उजळले होते. नावांना किनारे दिसले, बी रुजले, ताऱ्यांचा उजेड पडताच खजिन्यातले दगड पुन्हा माणसे होऊन घरी गेले. चित्रभानूला मानाने परत बोलावले.

मुकुट धनिष्ठेला देऊन ऋक्षपाल पैलतीरी गेला. तमसेच्या दाराशी त्याने आपले नाव सांगितले. तिने दार उघडले नाही. तो पायरीवर बसून राहिला.

गाथा पुरी झाली, राज्य सुखी झाले. तमसेने पुढे कधी दार उघडले की नाही, ते सांगणारी ओवी अजून कुणी रचलेली नाही.