बुधवारचा क्वार्टरबॅक

अमेरिकन फुटबॉलमध्ये चेंडू फेकून अख्खा डाव चालवणारा गडी म्हणजे क्वार्टरबॅक. वेंडेल ओक्स होता राखीव क्वार्टरबॅक. मुख्य गडी जायबंदी झाला, तरच याने उठायचं. आणि मुख्य गड्याचा नऊ वर्षांत साधा पायही मुरगळला नव्हता!

वेंडेलचं खरं काम बुधवारच्या सरावात. रविवारी ज्या संघाशी गाठ, त्यांच्या क्वार्टरबॅकच्या नंबरची जर्सी अंगात घालायची आणि हुबेहूब त्याच्यासारखं खेळायचं, म्हणजे आपल्या बचावफळीची तालीम होते. स्वतःचा चौदा नंबर घालून रविवारी एकदा तरी मैदानात उतरावं, यासाठी त्याचा जीव तुटायचा.

संघाचे नवे मालक क्रॉलीसाहेब भारी तोऱ्याचे. सगळ्यांदेखत त्यांनी बडतर्फीचं पत्र फडकावलं. "नऊ वर्षांत एक सामना नाही! तुला ठेवायचं कशाला?"

"काढा ना, साहेब," वेंडेल म्हणाला. "नऊ वर्षं मी तुमचीच बचावफळी फोडतोय. ती कुठे फुटते, हे माझ्याइतकं कुणालाच ठाऊक नाही. समोरचे संघ मला हसत हसत घेतील."

बचावफळीतले धिप्पाड गडी माना खाली घालून बसले. साहेबांना घाम फुटला. त्यांनी पत्र टराटरा फाडलं. "करार अजून तीन वर्षं आहे! कुठेही जायचं नाही!"

साहेब गेल्यावर सगळ्यांनी वेंडेलला खांद्यावर घेतलं. "जिंकलास की लेका! मग तोंड का पाडलंस?"

वेंडेल जमिनीवरचे कागदाचे तुकडे बघत होता.

"गप्प बसलो असतो," तो म्हणाला, "तर रविवारी कुठेतरी खेळलो असतो."