हौसाच्या स्वप्नाचा नकाशा

पेंडेचा डोंगर मघापेक्षा बुटका दिसला, तेव्हाच गोचीडबाईंना शंका यायला हवी होती.

फार पूर्वीची गोष्ट. गोचीडबाई गोठ्यातल्या थोर संशोधक. दुपारी जनावरं पेंगली की त्या कानातून त्यांच्या स्वप्नात शिरत आणि चिंचेच्या पानावर तिथला नकाशा काढत. कुत्र्याच्या स्वप्नात नुसती हाडं, शेळीच्या स्वप्नात शेजाऱ्यांची कुंपणं. आज हौसा म्हशीची पाळी होती.

"आधी तिला विचार तरी," गोमाशी म्हणाली होती.

"म्हशीला काय विचारायचं? तिला कळतं काय?"

परतीची खूण बाईंनी नीट लिहिली होती: पेंडेचा डोंगर डाव्या हाताला ठेवून सरळ चालावे. आता डावीकडे डोंगरच नव्हता, उजवीकडेही नव्हता. हौसा जागी झाली की स्वप्न गुंडाळलं जाणार, बाईंसकट. त्यांनी नकाशा सुलटा धरला, उलटा धरला. आठ पायांनी आठ दिशा चाचपून पाहिल्या.

"अहो, वाट सांगता का?" त्यांनी डबक्यातल्या बगळ्याला विचारलं.

"मला काय ठाऊक? मी इथे शोभेला आहे."

शेवटी विद्वत्ता गिळून बाईंनी हाक मारली, "हौसाताई, अगं हौसाताई!"

मघापासून कुठेतरी चाललेला मचमच आवाज थांबला.

"काय गं? डोंगर शोधतेस? खाल्ला मी," हौसा म्हणाली. "माझ्याच स्वप्नात तुझ्या नकाशाला विचारून खाऊ होय? धर शेपूट."