तांबड्या घोडीचा तंटा

कॅन्ससमधल्या एका गावात हॉलिस नावाचे न्यायाधीश होते. न्यायासनावर बसण्याआधी लढाईची चार वर्षं त्यांनी घोडदळात बिगूल वाजवला होता. एकदा त्यांच्यापुढे एका तांबड्या घोडीचा तंटा आला. घोडी कचेरीच्या अंगणात बांधलेली होती.

म्हातारा शिपाई लूथर म्हणाला, "साहेब, लढाईभर हिनंच मला पाठीवर वागवलं. गेल्या महिन्यात चोरीला गेली."

बडा जमीनदार क्रेन छाती फुगवून उठला. "शपथेवर सांगतो, ही माझ्याच तबेल्यात जन्मली, तिथेच वाढली. लष्कराचं तोंडही हिनं पाहिलेलं नाही!"

साक्षीदार कोणाकडेच नव्हता. हॉलिससाहेबांनी भिंतीवरचा जुना बिगूल उतरवला आणि ते अंगणात गेले. आता हे काय, म्हणून सारं गाव त्यांच्या मागे. साहेबांनी घोडदळात दाणा देताना वाजवायचे ते सूर काढले. क्रेनच्या बग्गीचे दोन्ही घोडे बिथरले. तांबडी मात्र कान टवकारून, दावं तोडून धावत आली आणि साहेबांच्या खिशात दाणा हुंगू लागली.

"घोडीची साक्ष कुठल्या कायद्यात बसते?" क्रेन गरजला.

"साक्ष तर तुम्हीच दिलीत," हॉलिससाहेब म्हणाले. "घोडीनं फक्त उलटतपासणी घेतली."