एका भिंतीचं देऊळ

चिंचमाळावर सांजाईचं देऊळ आहे. समोरून पाहिलं तर दगडी महिरप, कोनाडे, वर कळस. मागे काहीच नाही. नुसती एक भिंत. येणाऱ्या पाहुण्यांना गावची म्हातारी माणसं आधी एवढंच बजावतात: पाया पडा, पण प्रदक्षिणा घालू नका.

असं सांगतात, की ही देवी कुठल्याच पोथीत नव्हती. माळावर तेव्हा एक सिनेमा कंपनी होती. तिच्या लेखकानं एका मूकपटासाठी सांजाई रचली आणि येसबा सुतारानं फळ्या, तरट आणि चुना लावून देऊळ उभं केलं. कॅमेऱ्याला दिसेल तेवढंच. तो सिनेमा तंबूतंबूतून फिरला, आणि लोक गाड्या जुंपून नवस फेडायला येऊ लागले. येसबाला आधी हसू यायचं. पुढं पुढं तो त्या लोकांची नजर चुकवू लागला.

मग बोलपट आले. नवसाच्या घंटा नटांच्या बोलण्यात घुसू लागल्या. मालक म्हणाले, "येसबा, दिवस मावळायच्या आत हे पाड. नाहीतर उद्यापासून कामावर येऊ नकोस."

भर दुपारी येसबा पहार घेऊन गेला, तर पायरीवर एक म्हातारी वहाणा काढत होती. निपाणीकडची बाळाक्का. नातवाचा ताप उतरला, म्हणून एक प्रदक्षिणा बोलली होती.

येसबा आडवा आला. "आक्का, मागनं वाट न्हाई."

"देवीच्या मागनं वाट न्हाई? सर बाजूला. सुतार हाईस का पुजारी?"

तो खरं सांगणारच होता, पण तिचं तोंड पाहून जीभ रेटेना. ती डाव्या कोपऱ्यावरून मागे गेली. येसबा उजव्या कोपऱ्याशी मान खाली घालून उभा राहिला. आता ओरडेल, आता शिव्या देईल.

शिवी आली नाही. पाऊलही वाजलं नाही.

त्यानं मागे जाऊन पाहिलं. बांबूचे टेकू, फाटकं तरट. धुळीत अनवाणी पावलं उमटली होती, चार. पाचवं नव्हतं. सपाट माळ, लपायला झुडूपही नाही.

मालक आले तेव्हा पहार बाजूला पडली होती.

"मालक, ती अजून मागंच हाय," येसबा म्हणाला. "भिंत गेली तर भाईर येईल कुठनं?"

येसबाचं काम गेलं. पाडायला दुसरं कोणी पुढं होईना. पुढं कंपनीच शहरात निघून गेली. येसबा मात्र माळावर राहिला. जी फळी कुजेल तिच्या जागी त्यानं दगड बसवला. भिंत त्यानं एक दिवसही पडू दिली नाही म्हणे.

आजही भिंतीमागे गवतातून एक पायवाट जाते. तिच्यावर कोणी चालत नाही. दर वर्षी ती चार बोटं पुढं सरकते; उजवा कोपरा आता दोन हातांवर राहिलाय. पायरीवर बाळाक्काच्या वहाणा आहेत. येसबाच्या घरची माणसं दर अमावस्येला त्यांना तेल लावतात. म्हातारी इतकी चालून येणार, वहाण चावायला नको.