पहिला घास कुणाचा

पांघरूण घ्या बघू सगळ्यांनी. आणि मधे मधे खिदळायचं नाही. ही गोष्ट सांगताना माझं डोकं तापतं, आधीच सांगून ठेवते.

एकदा काय झालं, रानाच्या कडेला एक गाव होतं. गावात एक पाटील. त्याला अळंबीचं भारी वेड. श्रावण लागला की पाटील आणि त्याचा लेक धोंडू रानात जायचे आणि दिसेल ती छत्री टोपलीत भरून आणायचे. वारुळावरची चांगली कुठली, कुजक्या लाकडावरची विषारी कुठली, काही म्हणजे काही कळायचं नाही मेल्यांना! धोंडूच्या बायकोला, सगुणीला, सगळं कळायचं. तिचं माहेर रानातलंच. पण तिला विचारतंय कोण?

मग ते काय करायचे, ठाऊक आहे? रस्सा शिजला की पहिलं पान सगुणीला. सासू म्हणायची, "खा." सगुणीनं खायचं आणि बाकीच्यांनी ओसरीवर बसून तिच्या तोंडाकडे बघत राहायचं. दिवेलागणीपर्यंत सून धडधाकट राहिली, तर मग हे जेवणार. माणसं म्हणायची का ही!

एका वर्षी सगुणीला काही झालं नाही. मग सगळ्यांनी भांडं चाटूनपुसून खाल्लं. तिला "अजून हवं का" म्हणूनसुद्धा विचारलं नाही.

दुसऱ्या वर्षी ती टोपली बघूनच म्हणाली, "मामंजी, ही वाईट आहे."

"फार शहाणी!" पाटील ओरडला आणि तिला खायला लावलं. तीन दिवस बिचारी ओकत पडली होती. आणि सासू काय म्हणाली? "बाई, बरं झालं, आपण खाल्लं नाही." आग लागो असल्या जिभेला!

तिसऱ्या वर्षी सगुणीला दिवस गेले होते. सासू म्हणाली, "यंदा हिला नको. पोटात मुलगा असला म्हणजे? बकुळीला देऊ." बकुळी म्हणजे सगुणीची लेक, बरं का. चार वर्षांची. तुझ्याएवढी गं, ठमे.

तेव्हा मात्र सगुणीच्या अंगाची लाही लाही झाली. तडक रानात गेली आणि वारुळापुढं उभी राहिली. हात नाही जोडले. म्हणाली, "इतकी वर्षं तुला कुणाला फोडू दिलं नाही मी. आता माझी पोर मरायला घातली, आणि तू गप्प?"

मग वारुळातून आवाज आला. "घरी जा. पान मांड. रानातल्या सगळ्या छत्र्या माझं ऐकतात."

मग सगुणीनं पान मांडलं. सासूनं बकुळीपुढं अळंबी वाढली. पोर हात घालणार, तोच अळंब्या उठल्या! एका पायावर टुणटुण उड्या मारत गेल्या थेट पाटलापुढं. "पहिला घास तुझा!" पाटील घाबरून मागं सरकला. मग सासूपुढं. "पहिला घास तुझा!" सासूनं तोंडावर पदर घेतला. मग धोंडूपुढं. "पहिला घास तुझा!" धोंडू भिंतीला चिकटला आणि किंचाळला, "मी नाही खाणार! विषारी असली म्हणजे?"

सगुणी म्हणाली, "मग माझ्या लेकीला कशी वाढलीत?"

धोंडूनं मान खाली घातली.

मग सगुणीनं ते भांडं खड्ड्यात पालथं केलं, वर माती लोटली. स्वतः वारुळाकडे गेली, चांगली अळंबी आणली, थोडी तिथंच उभी ठेवली. शिजवली. सगळ्यांना एका पंगतीत बसवलं आणि आपणही लेकीला घेऊन बसली. म्हणाली, "घास सगळ्यांनी एकदम उचलायचा. नाही उचलला त्यानं उपाशी झोपायचं."

सगळ्यांनी उचलला. सासूनं देवाचं नाव घेत गिळला. गिळू दे! तेव्हापासून त्या घरात सगळे एकदमच जेवतात, आणि सुखात आहेत.

आता झोपा. आज तुमच्या बापानंही टोपलीभर अळंबी आणलीय. दुपारी तुमच्या आईला हळूच सांगत होता, "आधी म्हातारीला चाखवू, तिचं काय, सगळं झालंय." त्याला वाटतं, मला ऐकू येत नाही.

उद्या पानं मी मांडणार आहे. त्याचं माझ्या शेजारी. डोळे मिटा बघू.