लुकलुकीचा पाट

आभाळ हाताला लागेल इतकं खाली होतं, तेव्हाची गोष्ट. चांदण्या आपापले पाट मांडून बसायच्या. लुकलुकीचा पाट पार टोकाला, तळ्यावर. ती कुरकुरायची, "मीच मेली कायम कोपऱ्यात!"

एका संध्याकाळी तिनं पाट उचलला नि डोंगरावर चांदोबाशेजारी नेऊन मांडला. चांदोबा म्हणाला, "बस बाई, जागा काय माझ्या बापाची आहे?" त्याच्या उजेडात तिला कुणी ओळखलं नाही. खापरी कासवीनं तेवढं ओळखलं, नि तिथंच घोटाळा झाला.

कासवांच्या घरची रीत अशी, की पाण्याला निघायचं ते लुकलुकीकडे तोंड करून. खापरी तळ्याकडे पाठ फिरवून डोंगर चढू लागली. अंग सुकलं, जीभ बाहेर आली.

लुकलुकी ओरडली, "अगं खापरे, तळं मागं राहिलं!"

"तू आहेस तिथं पाणी. आमच्या आजीनं सांगितलंय."

"अगं, मरशील की!"

"मरेन, पण वाट नाही चुकायची."

मग काय, लुकलुकीनं पाट काखोटीला मारला नि धापा टाकत कोपरा गाठला. खापरी मुकाट वळली. पाण्यात शिरताना म्हणाली, "आज तळं फार लांब नेऊन ठेवलंस गं, लुकलुके."

लुकलुकीनं पाट नीट सारखा केला.