माहेरवाट

फार वर्षांपूर्वी, वाकी नदीवर पूल नव्हता आणि पलीकडे जायचं तर धोतर खोचूनच जावं लागायचं, तेव्हा कुंभेखोंडा गावात धाकू भोई राहायचा. काठच्या कातळाला कान लावून तो सांगायचा, खालून किती मासे निघालेत. त्याचा आकडा कधी चुकला नाही, असं म्हणतात. एखाददुसरा चुकत असेलही. पण आमच्या लोकांना धाकूचं तेवढंसुद्धा उणं काढवत नाही.

आषाढात नदीला लाल पाणी आलं की पोटात अंडी घेतलेले मासे प्रवाहाविरुद्ध वर चढतात. त्याला वलगण म्हणतात. गाव नदीत आडवा दगडी बांध घालायचं, टोपल्या लावायचं आणि चढणारा मासा न् मासा धरायचं. त्या माशाची गाबोळी, म्हणजे अंड्यांची पिशवी, तव्यावर पडली की वास तीन घरं ओलांडून जायचा.

धाकूनं एकदा काही मासे धरले, त्यांच्या शेपटीचा कोपरा किंचित कातरला आणि बांधाच्या वरच्या अंगाला सोडून दिले. लोक पोट धरून हसले. तेच मासे रिकाम्या पोटानं खाली उतरले, आणि पुढच्या आषाढात तीच कातरलेली शेपटी पुन्हा बांधाशी आली. मग धाकूनं गाव गोळा केलं.

"आरं, ह्या परक्या न्हाईत," तो म्हणाला. "आपल्याच लेकी हायेत. बाळंतपणाला म्हायेरी चालल्यात."

बांधाच्या मधला एक दगड निघाला आणि त्या फटीला माहेरवाट नाव पडलं. कडेच्या टोपल्यांत येईल ते खायचं, माहेरवाट अडवायची नाही. धाकू दिवसभर तिथे बसून जाणाऱ्या प्रत्येक माशामागे मडक्यात एक चिंचोका टाकायचा. पाच वर्षांत मडकी पुरेनात. बायकांना घागर भरताना आधी मासे बाजूला सारावे लागायचे, असं म्हणतात.

मग त्याची मैना पहिल्या बाळंतपणाला घरी आली. आईविना वाढवलेली एकुलती एक पोर. तिला अन्न जाईना, ती वाळत चालली. धाकूनं खोदून खोदून विचारलं तेव्हा ती कशीबशी म्हणाली, "बाबा, गाबोळी खावीशी वाटतीय." त्या आठवड्यात टोपल्या रिकाम्याच येत होत्या. पोटुशी लेकीचे डोहाळे कुठला बाप मोडेल? धाकूनं एका सकाळी स्वतःच्या हातानं माहेरवाटेत टोपली लावली. एकच मासा घेतला आणि टोपली काढली. त्या माशाची शेपटी कातरलेली होती.

मैना पोटभर जेवली, सुखरूप बाळंत झाली. पण बारकू शेजाऱ्यानं ती टोपली पाहिली होती. दुसऱ्या दिवशी त्याची टोपली तिथे लागली.

"धाकूदा, माजी सूनबी पोटुशी हाय," तो म्हणाला.

धाकू बाजूला सरला. आणि पोटुशी बाई कुणाच्या घरात नसते? ज्याच्या घरात नव्हती त्यालाही त्या वर्षी डोहाळे लागले. चार आषाढांत टोपल्या टेकवायला टाकलेल्या दगडांनी माहेरवाट पार बुजली. पाचव्या आषाढात धाकूनं कातळाला कान लावला, दुपारपर्यंत लावूनच ठेवला, आणि मग तिथेच बसून रडला.

त्यानं ते दगड उपसले आणि फटीत स्वतः जाऊन बसला, दोन गुडघे फाकून. पाणी छातीला लागलं तेव्हा मैना काठावरून कळवळून हाका मारत होती. "मी उठलो का परत बुजवतील गं," एवढंच तो बोलला. मोठा लोंढा आला आणि ओसरला, तेव्हा धाकू नव्हता. बांधात दोन गुडघ्यांएवढी फट होती. तिच्यात ठेवलेला दगड आजही टिकत नाही, असं म्हणतात. खरं तर कुणी ठेवूनच बघत नाही.

आजही आषाढात कुंभेखोंड्याला बाळंतपणाला आलेली लेक आधी त्या फटीतला पालापाचोळा हातानं काढते आणि चढणाऱ्या माशाला म्हणते, "बाय, तू आदी जा." गाबोळी आमच्या गावात कुणीच खात नाही, डोहाळे लागले तरी. मग कुणीतरी धाकूचं मडकं घेऊन दिवसभर तिथे बसतं. मडकं तेच आहे, जुनं, मोठं. गेल्या आषाढात त्यात नऊ चिंचोके पडले, आणि ते नऊ ऐकायला सगळं गाव काठावर उभं होतं.